गाव साडेतीन हात सरकतं तेव्हा: एका चित्रीकरणाचं प्रकरण

प्रकरण कशाचं

हे प्रकरण कमी खर्चातल्या एका मराठी चित्रपटाच्या चित्रीकरणातलं आहे. गाव धाराशिव जिल्ह्यातलं, बालाघाटच्या रांगेतलं. गावाचं, माणसांचं आणि चित्रपटाचं नाव गाळलं आहे. कुणी ओळखू येऊ नये म्हणून दोन-चार तपशीलही इकडचे तिकडे केले आहेत. मी त्या युनिटमध्ये नव्हतो. जिल्ह्यात नाटकाच्या कार्यशाळा घेतो, पुण्याची आणि गावाकडची अशा दोन्ही बोल्या बोलतो, म्हणून गोष्ट चिघळल्यावर निर्मात्यानं मला बोलावून घेतलं. पुढचं बरंचसं दोन्ही बाजूंनी मला सांगितलेलं आहे, थोडं डोळ्यांनी पाहिलेलं.

पार्श्वभूमी

चित्रपटाची गोष्ट अशी. एका सकाळी ग्रामपंचायतीच्या फळ्यावर नोटीस लागते: 'तांत्रिक कारणास्तव सदर गाव पूर्वेस साडेतीन हात सरकवण्यात येत आहे. ग्रामस्थांनी सहकार्य करावे.' खाली सही, शिक्का, जावक क्रमांक. का सरकवायचं, हे कुणी विचारत नाही. कोतवाल हलगी वाजवत दवंडी देतो, रात्रीतून गावभर पांढऱ्या रेघा पडतात आणि लोक मुकाट्यानं रेघेपलीकडं बिऱ्हाड हलवायला लागतात. चुली सरकतात, दावणी सरकतात, देव सरकतात. एक म्हातारा खाटेवरून उठायला तयार होत नाही. मग तो जुन्या गावात राहिला म्हणून कागदोपत्री मयत ठरतो आणि त्याच्याच खाटेसमोर पंगत बसवून त्याचं तेरावं उरकलं जातं.

संहिता मी नंतर वाचली. झकास होती. अशा काळ्या विनोदाची सगळी मदार एका गोष्टीवर असते: घडतंय ते अशक्य आहे, पण पडद्यावरच्या कुणालाच त्यात वावगं वाटत नाही. मराठवाड्यात लेखकाला त्यासाठी फार डोकं चालवावं लागत नाही. २०१६ मध्ये लातूरला पाण्याच्या टाक्यांभोवती कलम १४४ लागू केलं होतं. एप्रिलात मिरजेहून १० वाघिणींची आगगाडी सुमारे ५ लाख लिटर पाणी घेऊन तिथं आली. त्याच्या आदल्या वर्षी औरंगाबादहून विमानं उडत होती, ढगांत रसायन फवारून पाऊस पाडायला. डिसेंबर २०२१ मध्ये माजलगाव तालुक्यातल्या लवूळची वानरं कुत्र्यांची पिल्लं उचलून उंचावर नेतात, ही बातमी जगभर फिरली. मेलेल्या पिल्लांचा आकडा दर बातमीत वेगळा होता आणि शेवटी वन विभागानं दोन वानरं पकडून नेली. केज तालुक्यातल्या विड्यात तर दर धुळवडीला जावयाची गाढवावरून मिरवणूक निघते, आणि जावई त्या दिवसांत गावात फिरकायचं टाळतात. एवढं आजूबाजूला असताना फळ्यावर एखादी नोटीस लागली, तर ती खोटी असेल असं इथल्या माणसाच्या मनात सहसा येत नाही. कधी अंमल होणार आणि आपलं किती जाणार, एवढंच तो विचारतो. लेखकाला हे पुरेपूर माहीत होतं. सगळा चित्रपट त्यावरच उभा होता. फक्त खरं गावही तसंच वागेल, हे युनिटमध्ये कुणाच्या डोक्यात आलं नाही.

गाव निवडलं दिग्दर्शकानं. तो पुण्याचा, आजोळ इकडचं. माळवदाची, म्हणजे सपाट मातीच्या छताची, घरं बऱ्यापैकी शाबूत, वेस अर्धी ढासळलेली, मारुतीसमोर दगडी पार. त्यात चित्रीकरण ठरलं जानेवारीत, म्हणजे निम्म्या घरांना कुलूप. माणसं ऊसतोडीला पश्चिम महाराष्ट्रात आणि कर्नाटकात गेलेली. मागं राहिलेली म्हातारी, शाळेची पोरं, चार-दोन दुकानदार आणि तूर काढणीत गुंतलेली घरं. कॅमेऱ्याला ते ओसाडपण फार भावलं.

रेकीच्या, म्हणजे आधी केलेल्या जागेच्या पाहणीच्या, अहवालात गल्ल्यांची रुंदी होती, उन्हाची दिशा होती, जनरेटर कुठं लावायचा तेही होतं. दोन गोष्टी नव्हत्या.

पहिली, भूकंप. ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे किल्लारी परिसरात भूकंप झाला. दगडमातीच्या जड भिंती झोपलेल्या माणसांवर कोसळल्या आणि सुमारे आठ हजार माणसं गेली. ५२ गावं जुनी जागा सोडून सबंधच्या सबंध नव्या ठिकाणी वसवली गेली. आपलं हे गाव त्यांतलं नाही, इथं भिंतींना भेगा गेल्या इतकंच. पण गावातल्या कितीतरी बायकांची माहेरं लोहारा-उमरगा भागातली आहेत. सरकार अख्खं गाव उचलून दुसरीकडं नेतं, ही त्यांच्या लेखी कल्पना नाही. त्यांनी ते पाहिलेलं आहे.

दुसरी, गावठाणाची मोजणी. २०२० पासून स्वामित्व योजनेखाली गावठाणांचं ड्रोननं मोजमाप होतं. पद्धत अशी की आधी प्रत्येक मिळकतीच्या हद्दीवर चुना मारायचा, मग ड्रोन उडवायचा, नंतर नकाशा आणि चौकशी होऊन मालकीची सनद द्यायची. या गावात पूर्वी एकदा चुना पडला होता. तो पावसात वाहून गेला, सनदा काही आल्या नाहीत आणि गाव तेव्हापासून 'पुन्हा येणार आहेत' या बोलीवर थांबलेलं.

आता संहितेतलं दृश्य पुन्हा बघा: हलगी, दवंडी, चुन्याच्या रेघा, वरून ड्रोनचा शॉट.

अडचण

परवानग्या चोख होत्या. ग्रामपंचायतीचं ना हरकत पत्र, पोलीस ठाण्याला कळवल्याची पोच, ड्रोनची नोंदणी. ड्रोनच्या नकाशातल्या हरित क्षेत्रात ४०० फुटांच्या खाली उडवायला वेगळी परवानगी लागत नाही, तीही बाजू सांभाळलेली. पत्रावर सही सरपंचबाईंची, बोलणी त्यांच्या यजमानांशी. अर्जात चित्रपटाचं वर्णन होतं, 'ग्रामीण जीवनावर आधारित कौटुंबिक मनोरंजनपट'. गोष्ट कुणाला सांगितलेलीच नव्हती. दिग्दर्शकाचं म्हणणं, आधी सांगितली तर लोकांच्या चेहऱ्यावरचा भाबडेपणा जाईल.

पहिला निर्णय कोतवालाचा. भूमिकेसाठी लातूरचा एक नट ठरला होता, पण त्याच्या हातात हलगी बसेना. तालमीला गावचा खरा कोतवाल उभा होता. त्यानं हलगी घेतली, काठ्या नुसत्या टेकवल्या आणि दिग्दर्शक तिथंच म्हणाला, "तात्या, तुम्हीच करा." नट निर्मितीच्या दुसऱ्या कामाला लागला. संध्याकाळी आवाजाची चाचणी घ्यायची ठरली. ध्वनिमुद्रकाला आवाज लांबून जवळ येताना हवा होता, म्हणून यंत्र आणि कॅमेरा वेशीत ठेवून कोतवालाला एकट्याला गल्ल्यांतून पाठवलं. ऐका हो ऐका, उद्यापासून गाव उगवतीला साडेतीन हात सरकणार हो. ज्यांच्या दारावरून तो गेला, त्यांना कॅमेरा दिसला नाही. दिसला तो रोजचा कोतवाल, रोजच्या गणवेशात.

दुसरा निर्णय रेघांचा. धुक्यातल्या पहाटेचा शॉट होता, त्यामुळे रेघा रात्रीच मारणं भाग होतं. कबड्डीच्या मैदानाला मारतात ती साधी फक्की वाऱ्यानं उडेल, म्हणून कला विभागानं चुन्यात डिंक कालवला. माणसं पुढं दोरी धरून, मागून डबा घेऊन, एकेका घराच्या भिंतीपासून अंतर मोजत वेशीपासून देवळापर्यंत गेली. कुत्री भुंकली, म्हाताऱ्यांनी आतून "कोण हाय" विचारलं, "शूटिंगवाले" म्हटल्यावर गप्प झाली. एका बोळात ट्रॅक्टरची ट्रॉली उभी होती. ती हलवण्याऐवजी रेघ तिला वळसा घालून पुढं नेली, कारण वरून बघताना ते वळण छान दिसणार होतं.

सकाळी ड्रोन वर गेला तेव्हा गाव जागं होऊन दारात उभं होतं.

दिग्दर्शकाला पहिली पंधरा-वीस मिनिटं स्वर्ग हाताला लागल्यासारखं झालं. संहितेत लिहिलं होतं तसंच सगळं घडत होतं, आणि एकही ज्युनिअर आर्टिस्ट न आणता. एक म्हातारा पावलांनी रेघ ते उंबरा अंतर मोजत होता. किराणा दुकानदार खोकी आत घेत होता. "काय ओ, आमचं किती फूट जायलंय?" असं एकानं कला दिग्दर्शकाला विचारलं. त्यानं ते संवाद समजून हसून अंगठा दाखवला.

मग तीन गोष्टी एकामागोमाग झाल्या.

ट्रॉलीच्या बोळात एकाच भावकीची दोन घरं समोरासमोर. थोरल्या पातीचं आणि धाकट्या पातीचं बोळाच्या हद्दीवरून जुनं भांडण. रेघेच्या वळणानं धाकट्या पातीकडं वीत-दोन वीत जागा जादा जात होती. धाकट्या घरच्या पोरानं कुदळ आणून रेघेवर पाया खणायला सुरुवात केली. "मोजणी झाली की, रेघ बघ ना," एवढंच तो म्हणत होता. थोरल्या घरातून काठी बाहेर आली. डोकं फुटलं नाही, हे नशीब.

तिकडं मारुतीच्या पारावर एक आजी येऊन बसल्या आणि उठेनात. त्यांचं माहेर भूकंपात गेलेलं. युनिटमधली एक मुलगी त्यांना चहा द्यायला गेली. आजी तिला म्हणाल्या, "माय, एकदा हललं गाव. त्या टायमाला कुनी दवंडी नव्हती दिली. आता सांगून हलवायलेत तर मी हितंच बसते."

आणि सर्वांत महाग पडलेली गोष्ट गावात घडलीच नाही. कुणीतरी कर्नाटकातल्या उसाच्या फडावर फोन लावला, की तुमच्या बंद घराच्या ओट्यावरून मोजणीची रेघ गेलीय. ते नवरा-बायको कोयता टाकून मिळेल त्या गाडीनं गावाकडं निघाले. मुकादमाची उचल, म्हणजे आगाऊ घेतलेली मजुरी, अंगावर, हंगाम ऐन भरात, आणि सोबत दोन लेकरं.

समोर कोणते पर्याय होते

दुपारी निर्माता, दिग्दर्शक, कॅमेरामन आणि व्यवस्थापक शाळेच्या खोलीत बसले. मला फोन तिथूनच आला. संध्याकाळी पोचलो तेव्हाही बैठक चालूच होती.

दिग्दर्शकाचं मत: काम थांबवू नये. दोन दिवसांत दृश्य संपेल, मग गावजेवण घालून सगळं समजावून सांगू. त्याचा युक्तिवाद अगदीच टाकाऊ नव्हता. नटांच्या तारखा संपत होत्या, धुकं रोज पडत नाही, आणि एकदा गावाला खुलासा केला की पुढची सगळी दृश्यं 'अभिनय' होऊन बसणार.

व्यवस्थापकाला पोलिसांना बोलवायचं होतं. खाकी दिसली की भावकीचं भांडण निवतं, हे खरं. पण आदल्या संध्याकाळी कोतवाल, सकाळी ड्रोन, आणि त्यावर दुपारी पोलीस आले असते तर गाव सरकणार याबद्दल उरलीसुरली शंकाही फिटली असती.

निर्मात्याचा कल पैशाकडं. ज्याचं जे नुकसान असेल ते देऊन टाका. पण नुकसान मोजायचं कशानं? खणलेल्या पायाचे पैसे दिले तर पाया कायम झाला असा अर्थ निघतो. थोरल्या पातीला दिले तर ती चुकीची होती असा.

सगळ्यांत सोपा वाटलेला उपाय होता दुसऱ्या दवंडीचा. त्याच कोतवालानं त्याच गल्ल्यांतून 'कालचं खोटं होतं, ते शूटिंग होतं' असं सांगत फिरायचं. माझा याला विरोध होता, आणि तो मी कोतवालाच्याच भरवशावर केला. त्याला विचारलं तेव्हा तो म्हणाला, "सर, कालची खोटी म्हनून सांगितलं, तर परवाच्या पोलिओच्या दवंडीला कोन येईल?" शिवाय तो महसूल खात्याचा माणूस. वरिष्ठांना न विचारता सोंगात सामील झाला होता आणि नोकरीच्या भीतीनं त्याचे हात गार पडले होते. त्याला आणखी एकदा पुढं करणं म्हणजे त्याचा बळी देणं.

माझ्या मते या प्रकरणाची खरी गाठ इथं आहे. युनिटनं नोटीस खोटी छापली, याचं गावाला काही वाटलं नाही. ती नाटकातली नोटीस आहे, हे फळा वाचणाऱ्यांना कळलंही असतं. पण कोतवाल, चुना आणि ड्रोन ही खरीच होती. ही तिन्ही साधनं गावात एरवी सरकारच वापरतं. सोंगात खरा अधिकार वापरला की बघणाऱ्याला ते सोंग आहे हे कळायची वाटच बंद होते. पडद्यावर याच गोष्टीचं हसू येतं, गल्लीत मात्र यानंच कुदळ निघते.

काय केलं

त्याच रात्री काम थांबवायचं ठरलं. दिग्दर्शक रागावून गाडीत जाऊन बसला. थांबवण्याचा निर्णय निर्मात्याचा होता आणि मला तो आजही बरोबर वाटतो.

रात्री कोतवालासाठी पत्र तयार केलं: त्यांना युनिटनं विनंती केली, दवंडीचा मजकूर चित्रपटातला होता, जबाबदारी आमची. सकाळी निर्माता स्वतः ते घेऊन तहसीलला गेला. कोतवालाला कारणे दाखवा नोटीस आलीच, पण पुढं समज देऊन विषय मिटला.

गावाला सांगायचं कसं, यावर बराच खल झाला. ग्रामसभा बोलावली असती तर सरपंचबाईंचे यजमान बोलले असते आणि सभा त्यांच्यावरच घसरली असती. शेवटी भाषण न करता चित्रपट दाखवायचा ठरलं. तोवर झालेलं काम शाळेच्या भिंतीवर पांढरा पडदा लावून दाखवलं: फळ्यावरची नोटीस, हलगी वाजवणारा आपला कोतवाल, चूल डोक्यावर घेऊन निघालेली नटी, स्वतःच्या तेराव्याची बुंदी मागणारा म्हातारा. पहिली काही मिनिटं चिडीचूप. कोतवाल पडद्यावर आला तसं कुणीतरी ओरडलं, "अरं ह्यो तर आपला तात्या!" आणि हशा फुटला. त्या हशानंतर खुलासा करायला फारसं काही उरलं नाही. समजावणीची चार भाषणं मी मनात तयार करून गेलो होतो, त्यांतलं एकही वापरावं लागलं नाही.

पारावरच्या आजी मात्र हसल्या नाहीत. त्यांना पडद्याजवळ खुर्ची दिली होती. संपल्यावर त्या एवढंच म्हणाल्या, "साडेतीन हात कशाला, तेवढी जागा तर मेल्यावर बी मिळती."

रेघा पुसायला नुसतं पाणी चालेना, डिंकामुळं. तारेच्या ब्रशनं दगड घासावे लागले. दोन टँकर पाणी लागणार होतं, ते जानेवारीत गावच्या आडातून उपसणं शहाणपणाचं नव्हतं. म्हणून तालुक्याहून आणलं. टँकर वेशीत शिरताच बायका घागरी घेऊन उभ्या राहिल्या. कला दिग्दर्शकानं निमूट त्यांना आधी भरू दिलं, आणि रेघा पुसायचं काम दुसऱ्या दिवसावर गेलं.

ऊसतोडीच्या जोडप्याला निर्मात्यानं बुडालेल्या दिवसांची मजुरी आणि जाण्या-येण्याचा खर्च दिला, परत फडावर नेऊन सोडायला गाडी दिली. नवऱ्यानं पैसे मोजून घेतले. बायको म्हणाली, "मुकादमाला चिठ्ठी द्या, आमी पळून नव्हतो गेलो म्हनून." चिठ्ठी दिली. युनिटच्या छापील कागदावर, शिक्क्यासह.

चोरून टिपलेल्या दृश्यांचं काय

आता सगळ्यांत अवघड जागा. त्या सकाळी गोंधळ सुरू झाला तेव्हा कॅमेरामननं कॅमेरा बंद केला नव्हता. माळवदावरून लांबच्या लेन्सनं त्यानं कुदळ, काठी, उंबरा मोजणारा म्हातारा, पारावरच्या आजी, सगळं टिपलं. ते मी पाहिलं आहे. चित्रपटात त्याहून सरस काही नव्हतं, आणि कॅमेरामन दिग्दर्शकालाही तसंच म्हणाला.

निर्माता म्हणत होता, डिलीट करा. दिग्दर्शक म्हणत होता, चेहरे झाकून वापरू. झाकलेले चेहरे म्हणजे गुन्हेगारीच्या बातम्या, तो पर्याय बघताक्षणी बाद झाला. मी सुचवलं की ज्याचा चेहरा आहे त्याला त्याच्याच घरी बसून दाखवू आणि विचारू. नुसत्या सहीवर भागवायचं नाही, बघितल्यावर सही.

लॅपटॉप घेऊन घरोघर फिरलो. उंबरा मोजणाऱ्या म्हाताऱ्यांना आपण दिसतो याचा भारी आनंद. त्यांची अट एकच, मागं उभी असलेली म्हैस कापायची नाही. दुकानदारानं दुकानाची पाटी दिसू देण्याच्या बोलीवर सही केली. धाकट्या घरच्या पोरानं कुदळीचा शॉट द्यायला साफ नकार दिला. त्याचं लग्न जमत होतं आणि मुलीकडचे चित्रपट बघणारे होते. थोरल्या घरातल्या काकूंनीही नाही म्हटलं. पदर पडलेला असताना त्या ओरडत होत्या. त्यांचं दृश्य सगळ्यांत जोरकस होतं. ते काढलं. दिग्दर्शक आजही त्यावर हळहळतो, आणि मला त्याची हळहळ पटते. तरी ते दृश्य परत घालावं असं मी म्हणणार नाही.

आजींना दाखवलं तेव्हा त्या दोनदा बघत राहिल्या. मग म्हणाल्या, "ऱ्हाऊ द्या. पन ह्याला हसायचं वाजिवनं लावू नका." त्या दृश्याला पार्श्वसंगीतच दिलं नाही. पुढं संकलनात दिग्दर्शकानं आजूबाजूच्या दृश्यांचंही संगीत काढलं. सुरुवातीच्या आवृत्तीत विनोद कुठं आहे हे वाद्यं ओरडून सांगत होती. ती गेल्यावर प्रेक्षकाला हसावं की नाही हेच कळेनासं झालं, आणि काळ्या विनोदाला हवी असलेली अस्वस्थता तिथून आली.

शेवटही बदलला. मूळ संहितेत गाव सरकतं आणि मूळ जागी फक्त खाटेवरचा म्हातारा उरतो. नव्या शेवटात दुसरी नोटीस लागते: 'पूर्वीची नोटीस रद्द समजावी.' पण तोवर लोकांनी रेघेचा आपापल्या सोयीनं उपयोग केलेला असतो, कुणी भिंत घातलेली, कुणी वाटणी मिटवलेली, आणि रद्दची नोटीस कुणीच मानत नाही. हे लेखकाला सुचलेलं नाही. धाकट्या घरच्या पोरानं कुदळ खाली ठेवताना जे सांगितलं ते असं: "रेघ खोटी आसंल, पन मोजली तर खरीच हुती की."

निष्पत्ती

काम आठवडाभर बंद राहिलं. एका मुख्य नटाच्या तारखा गेल्या, त्याचा भाग पावसाळ्यापूर्वी दुसरीकडं पूर्ण केला. खर्च वाढला. चित्रपट पूर्ण झाला, सेन्सॉरला फारशी अडचण आली नाही, काही महोत्सवांत दाखवला गेला. चित्रपटगृहात तो फार टिकला नाही. मल्टिप्लेक्समधली दुपारची वेळ आणि असा चित्रपट म्हटल्यावर दुसरं काही होणारही नव्हतं.

गावात तो पुन्हा शाळेच्या भिंतीवर दाखवला, ऊसतोडीची माणसं परतल्यावर. शहरातले प्रेक्षक म्हाताऱ्याच्या तेराव्याला हसतात. गाव हसलं नोटिशीवरच्या जावक क्रमांकाला.

वेगळं काय करता आलं असतं

गोष्ट आधी सांगायला हवी होती. भाबडेपणा जाईल ही दिग्दर्शकाची भीती मला पटत नाही. मराठवाड्यात सोंगं, भारुड, तमाशा हे सगळं लोक खोटं आहे हे जाणूनच खऱ्यासारखं बघतात. तात्याला पडद्यावर ओळखूनही लोक पुढचं चित्र तितक्याच रमून बघत होते.

कोतवाल घ्यायचाच होता तर गावचा घेऊन चालणार नव्हतं. शेजारच्या तालुक्यातला निवृत्त कोतवाल आणला असता, तर हलगी तितकीच चांगली वाजली असती आणि दवंडी कुणाला लागू झाली नसती. हे अर्ध्या दिवसाचं काम होतं. गणवेशाच्या बाबतीतही तेच.

रेघांसाठी चुना टाळून दुसरा रंग घेतला असता तर? दिग्दर्शक म्हणतो, पांढऱ्याशिवाय ते दृश्य उभंच राहत नाही. मग निदान डिंक तरी नको होता. आणि रेघ मारण्याआधी तलाठ्याशी, भूमी अभिलेखच्या माणसाशी एकदा बोलणं झालं असतं तर 'इथं मोजणी अर्धवट आहे, चुन्याला हात लावू नका' हे दोन मिनिटांत कळलं असतं. युनिटनं परवानगी कोणाची लागते तेवढं पाहिलं. गाव कशाची वाट बघत बसलंय, हे विचारलं नाही.

राहिली बंद घरं. कुलूप म्हणजे संमती, असा त्या रेकीचा अर्थ झाला होता. घरमालक फडावर असले तरी त्यांच्याकडं फोन आहेत. माझ्या मते इथं झालेलं नुकसान भरून निघालेलं नाही. चिठ्ठी असूनही पुढच्या हंगामात मुकादमानं त्या जोडप्याला उचल कमी दिली. 'मधनंच निघून जाणारी' असं नाव एकदा पडलं की ते कुठल्याही मजुरीच्या हिशेबात धरता येत नाही. निर्मात्याला मी हे कळवलं. त्यानं आणखी काही रक्कम पाठवली. मुकादमाचं मत त्यानं बदललं नाही.

बोळाची मोजणी

भावकीचं भांडण मिटवण्यासाठी युनिटनं सरकारी मोजणीची फी भरायचं कबूल केलं होतं. अर्ज दोन्ही पात्यांनी मिळून केला, हीच मोठी गोष्ट समजून आम्ही खूश होतो. भूकरमापक आला, यंत्र लावलं, दगड शोधले, आणि खुणा केल्या. हद्द ट्रॉलीच्या वळणावर नव्हती, थोरल्या पातीच्या म्हणण्याप्रमाणंही नव्हती. दोन्ही घरांचे ओटे बोळात, म्हणजे ग्रामपंचायतीच्या रस्त्यात आलेले निघाले, दोन्हीकडून थोडे थोडे.

त्यानंतर दोन्ही घरं एकमेकांशी पुन्हा बोलायला लागली. मोजणी मान्य नाही, अशी हरकत त्यांनी एकाच वकिलाकडून, एकाच कागदावर घेतली आहे.